माल गेला, पैसे अडकले: सोलापूरच्या कारखानदारासाठी करार आणि लवाद, पहिल्या ऑर्डरपासून वसुलीपर्यंत

सोलापुरातून टॉवेल, चादर, युनिफॉर्म बाहेरगावी जातात ते बहुतेक वेळा उधारीवर. साठ दिवसांची बोली नव्वदवर जाते, नव्वदची एकशेवीस होते आणि मग पार्टी फोन उचलेनाशी होते. कारखानदार वकिलाकडे येतो तेव्हा त्याच्या हातात बिल, ट्रान्सपोर्टची बिल्टी आणि व्हॉट्सॲपवरचे चार मेसेज असतात. माल खरोखर गेलेला असतो, पैसेही खरोखर येणं असतं, पण काय ठरलं होतं ते दाखवणारा कागद नसतो. लवाद (म्हणजे कोर्टाऐवजी दोघांना मान्य असलेल्या तटस्थ माणसाकडून, आर्बिट्रेटरकडून, वादाचा निवाडा) असो की कोर्ट, निकालाचा पाया ऑर्डर घेतली त्या दिवशीच्या कागदांत असतो. म्हणून इथे सुरुवात ऑर्डरपासून केली आहे, आणि नोटिशीपेक्षा ऑर्डरवरच जास्त लिहिलं आहे.

आधी बघा, समोर नेमकं कोण आहे

दलाल सांगतो, “पार्टी मोठी आहे, डोळे झाकून द्या.” डोळे उघडे ठेवून पहिली गोष्ट मागा ती जीएसटी नंबर. जीएसटीच्या पोर्टलवर तो टाकला की कायदेशीर नाव, दुकानाचं नाव, नोंदणी चालू आहे की रद्द झाली आणि व्यवसाय मालकीचा, भागीदारीचा की कंपनीचा, हे सगळं दिसतं. हे पाच मिनिटांचं काम आहे आणि पुढची दोन वर्षं त्यावर अवलंबून असतात.

मालकीच्या दुकानाला कायद्यात वेगळं अस्तित्व नाही. ऑर्डरवर “अमुक ट्रेडर्स” एवढंच न लिहिता “अमुक ट्रेडर्सचे मालक श्री. तमुक” असं लिहून घ्या. प्रायव्हेट लिमिटेड असेल तर उलटा धोका असतो. कर्ज कंपनीचं असतं, संचालकाच्या घराला किंवा खात्याला हात लावता येत नाही. रक्कम मोठी असेल तर संचालकाकडून वैयक्तिक हमीपत्र घ्या. १८७२ च्या भारतीय करार कायद्याच्या कलम १२८ प्रमाणे हमीदाराची जबाबदारी मूळ कर्जदाराइतकीच असते, त्यामुळे दोघांवर एकाच वेळी दावा करता येतो.

आणखी एक प्रकार नेहमी घडतो. ऑर्डर एका फर्मची, बिल मागतात दुसऱ्या फर्मच्या नावावर, माल उतरतो तिसऱ्याच गोदामात. अशा वेळी बिल ज्याच्या नावावर आहे त्याच्याकडून ईमेलवर एक ओळ घ्या: “सदर माल आमच्यासाठी आहे व पैसे देण्याची जबाबदारी आमची आहे.” ही ओळ नसेल तर लवादात पहिले सहा महिने “आम्ही यांना ओळखतच नाही” हे खोडून काढण्यातच जातात.

तुमची स्वतःची फर्म भागीदारीची असेल तर घरातलं एक काम आधी उरका. भागीदारी कायदा, १९३२ च्या कलम १९ नुसार, व्यापारी रूढी नसेल तर, केवळ भागीदार आहे म्हणून एकट्याला फर्मचा वाद लवादाकडे सोपवण्याचा अधिकार आपोआप मिळत नाही. सोलापुरात भाऊ-भाऊ, काका-पुतणे मिळून चालवलेल्या फर्म भरपूर आहेत. सगळ्या भागीदारांनी सह्या करून एकाला तसा अधिकार देणारं पत्र आजच करून ठेवा. फर्मची नोंदणी नसेल तर तीही करा, नाहीतर कलम ६९ मुळे कराराच्या आधारावर कोर्टात दावाच लावता येत नाही.

ऑर्डरचा कागद आणि सीलबंद नमुना

तोंडी करारही कायद्याने करारच असतो. अडचण येते ती सिद्ध करताना. चार पानांचं ॲग्रीमेंट प्रत्येक ऑर्डरला कोणी करत नाही आणि करायची गरजही नाही. नेहमीच्या पार्टीबरोबर एकदाच अटींचं मुख्य पत्र करा, दोघांच्या सह्या घ्या आणि पुढच्या प्रत्येक ऑर्डरवर “अमुक तारखेच्या पत्रातील अटी लागू” एवढं लिहा. स्टँपवर कंजुषी नको. ऑक्टोबर २०२४ पासून महाराष्ट्रात साध्या करारासाठी पूर्वीच्या १०० ऐवजी ५०० रुपयांचा स्टँप लागतो. स्टँप कमी पडला म्हणून लवादाचं कलम रद्द होत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाच्या सात न्यायमूर्तींच्या पीठाने डिसेंबर २०२३ मध्ये स्पष्ट केलं आहे. पण तो दंडासह भरेपर्यंत कागद पुराव्यात येत नाही, आणि ऐनवेळी ही भानगड नको.

आता मालाबद्दल. “टेरी टॉवेल, चांगली क्वालिटी, ५०० डझन” असं लिहिलेली ऑर्डर म्हणजे वादाला आमंत्रण. साइज, जीएसएम (दर चौरस मीटरचं ग्रॅममधलं वजन), डझनाचं वजन, सुताचा काउंट (सूत किती बारीक ते), रंग, रंग किती पक्का हवा, धुतल्यावर किती आटलेलं चालेल, पॅकिंग, हे सगळं लिहा. वजनात थोडा फरक पडतोच, तेव्हा किती टक्क्यांपर्यंतचा फरक दोघांना मान्य आहे तोही आकडा टाका. नव्वद टक्के भांडणं या एका आकड्यावरून होतात असं माझं मत आहे.

नमुन्यावरून विक्री असेल तर वस्तू विक्री कायदा, १९३० चं कलम १७ लागू होतं. माल नमुन्याशी जुळला पाहिजे आणि खरेदीदाराला तो जुळवून बघायची वाजवी संधी मिळाली पाहिजे. मग वाद उठतो की नमुना कोणता होता. त्यावर उपाय अगदी साधा आहे. मंजूर झालेल्या टॉवेलचे तीन नग घ्या. प्रत्येकाच्या कोपऱ्याला कापडी लेबल शिवा, त्यावर ऑर्डर नंबर आणि तारीख पक्क्या शाईने लिहा, दोन्ही बाजूंच्या सह्या घ्या. प्रत्येक नग वेगळ्या पिशवीत घालून तोंडावर कागदी पट्टी चिकटवा आणि पट्टीवरून पिशवीवर जाईल अशी सही घ्या. एक नग त्यांच्याकडे, एक तुमच्याकडे, एक दलालाकडे. लेबल शिवताना आणि सह्या होताना एक व्हिडिओ काढून पार्टीला व्हॉट्सॲप करा. पुढे “हा नमुनाच नव्हे” म्हणायची सोय राहत नाही. ज्या कारखानदारांनी ही सवय लावून घेतली त्यांच्याकडे क्वालिटीच्या तक्रारी येतात, पण त्या टिकत नाहीत.

माल गोदामातून निघाल्यावर जोखीम कोणाची, ट्रक उलटला किंवा गाठी भिजल्या तर नुकसान कोणाचं आणि विमा कोणी काढायचा, हेही एका ओळीत उरका. काहीच ठरलं नसेल तर ट्रान्सपोर्टवाल्याच्या ताब्यात माल दिला की कायदा सहसा ती डिलिव्हरी खरेदीदाराला झाली असं धरतो. पण पार्टीला असं वाटत नसतं, म्हणून लिहून घेणं बरं.

पैशाची मुदत, व्याज आणि ती डेबिट नोट

मुदत कुठल्या तारखेपासून मोजायची ते लिहा: बिलाच्या की माल पोचल्याच्या. व्याजाचा दर लिहा. करारात दर असेल तर आर्बिट्रेटर सहसा तोच धरतो, फक्त तो वाजवी ठेवा. बिलाच्या तळाशी छापलेले “२४ टक्के व्याज आकारले जाईल” आणि “सोलापूर न्यायक्षेत्राधीन” हे शब्द एकतर्फी असतात. त्यावर पार्टीची सही नसेल तर ते टिकतीलच याचा भरवसा नाही. त्याच दोन ओळी ऑर्डरवर आणून सही घेतली की त्यांना वजन येतं.

मोठ्या दुकानसाखळ्या आणि संस्था आपला छापील ऑर्डर फॉर्म पाठवतात. त्यात उशिरासाठी आठवड्याला अमुक टक्के कपात, तक्रार आली तर पूर्ण लॉट परत, असल्या अटी असतात. सही करण्याआधी वाचा आणि न पटणाऱ्या अटीवर ईमेलने हरकत घ्या. करार कायद्याच्या कलम ७४ प्रमाणे करारात दंडाची रक्कम लिहिली आहे म्हणून ती सगळी आपोआप मिळत नाही. ती कमाल मर्यादा असते आणि त्या आत वाजवी भरपाईच मिळते. खरेदीदाराचं काहीच नुकसान झालं नसेल तर दंडही टिकणं अवघड. म्हणून परस्पर कापलेल्या पैशांची डेबिट नोट आली की त्याच आठवड्यात “ही मान्य नाही” असं लेखी उत्तर द्या. गप्प राहिलात आणि पुढचे तीन व्यवहार तसेच केलेत, तर तुम्ही मान्य केलं होतं असा अर्थ काढायला समोरचा वकील तयारच असतो.

वाद कुठे न्यायचा: वाट आधीच निवडा

लवादाचं कलम लिहिण्याआधी स्वतःला एक प्रश्न विचारा: तुम्ही माल बनवता की विकत घेऊन विकता?

अक्कलकोट रोड किंवा चिंचोळी एमआयडीसीत तुमचे माग, डाईंग किंवा सायझिंग असेल आणि उद्यम नोंदणीत (लहान उद्योगांच्या सरकारी नोंदणीत) तुम्ही सूक्ष्म किंवा लघु गटात असाल, तर २००६ च्या एमएसएमईडी (सूक्ष्म, लघु व मध्यम उद्योग विकास) कायद्याने तुमच्या हाती मोठं हत्यार दिलं आहे. १ एप्रिल २०२५ पासून गुंतवणूक २५ कोटींपर्यंत आणि उलाढाल १०० कोटींपर्यंत असेल तर उद्योग लघु गटात येतो, त्यामुळे शहरातले बहुतेक कारखाने त्यात बसतात. या कायद्याच्या कलम १५ प्रमाणे लेखी करार असला तरी ४५ दिवसांपेक्षा जास्त उधारी चालत नाही. करारच नसेल तर १५ दिवस. पैसे उशिरा आले तर रिझर्व्ह बँकेच्या बँक रेटच्या तिप्पट दराने, दरमहा चक्रवाढ व्याज लागतं. समजा बँक रेट साडेपाच टक्के आहे. तिप्पट म्हणजे साडेसोळा टक्के. दहा लाखांवर एका वर्षाचं व्याज सुमारे १ लाख ७८ हजार रुपये होतं.

तक्रार सरकारी ऑनलाइन पोर्टलवरून सूक्ष्म व लघु उद्योग सुविधा परिषदेकडे जाते. परिषद आधी समेट घडवून बघते आणि तो झाला नाही तर लवाद चालवते किंवा संस्थेकडे पाठवते. खरेदीदार दिल्लीचा असो की हैदराबादचा, अधिकार पुरवठादार जिथला आहे तिथल्या परिषदेला असतो. आपला जिल्हा पुणे विभागात येतो. निवाडा तुमच्या बाजूने लागला आणि खरेदीदाराला त्याला आव्हान द्यायचं असेल तर कलम १९ प्रमाणे त्याला निवाड्याच्या ७५ टक्के रक्कम आधी कोर्टात भरावी लागते. नुसत्या या तरतुदीमुळे कितीतरी पार्ट्या तडजोडीला येतात. करारात लवादाचं वेगळं कलम असलं तरी परिषदेचा मार्ग बंद होत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने ऑक्टोबर २०२२ मध्ये महाकाली फूड्सच्या प्रकरणात सांगितलं आहे. त्याच निकालामुळे हेही लक्षात ठेवा की नोंदणी व्यवहाराच्या आधीची हवी. वाद झाल्यावर धावत जाऊन उद्यम काढणं उपयोगाचं नाही.

परिषदेची कमजोरीही सांगायला हवी. ९० दिवसांत निर्णय व्हावा असं कायदा म्हणतो, प्रत्यक्षात त्याहून बराच जास्त काळ लागतो. क्वालिटीचा गुंतागुंतीचा वाद असेल, साक्षीपुरावा लांबणार असेल किंवा पार्टी माल विकून पसार होईल अशी भीती असेल, तर खासगी लवाद बरा.

चाटी गल्लीत किंवा नवी पेठेत दुकान असलेला, माल विकत घेऊन विकणारा व्यापारी मात्र या परिषदेकडे जाऊ शकत नाही. व्यापाऱ्यांना उद्यम नोंदणी मिळते ती बँकेच्या अग्रक्रम कर्जापुरती. उशिरा येणाऱ्या पैशाच्या तरतुदी त्यांना लागू नाहीत. त्यांच्यासाठी लवादाचं कलम फारच महत्त्वाचं.

तिसरी वाट कोर्टाची. तीन लाख किंवा त्याहून मोठ्या व्यापारी वादाचा दावा व्यावसायिक न्यायालयात चालतो. तातडीचा मनाई हुकूम हवा नसेल तर त्याआधी जिल्हा विधी सेवा प्राधिकरणामार्फत मध्यस्थी सक्तीची आहे. ती टाळून लावलेला दावा फेटाळला जातो. या मध्यस्थीकडे निव्वळ अडथळा म्हणून बघू नका. दोन्ही बाजू समोरासमोर बसल्या की जुन्या संबंधांची प्रकरणं तिथेच मिटू शकतात.

लवादाचं कलम: एवढंच लिहा

बाहेरून उतरवलेली लांबलचक कलमं वापरू नका. सोलापुरातल्या व्यवहाराला पुरेल असं कलम असं असू शकतं:

“या ऑर्डरमधून किंवा तिच्या संदर्भात निर्माण होणारा प्रत्येक वाद लवाद व समेट अधिनियम, १९९६ नुसार एकाच लवादाकडे सोपवला जाईल व त्याचा निर्णय दोन्ही पक्षांवर बंधनकारक राहील. लवादाची नेमणूक दोन्ही पक्ष लेखी संमतीने करतील. एका पक्षाची नोटीस मिळाल्यापासून ३० दिवसांत संमती न झाल्यास नेमणूक कायद्यानुसार होईल. लवादाचे स्थान सोलापूर राहील. कामकाजाची भाषा मराठी राहील. विक्रेत्याचे एमएसएमईडी अधिनियम, २००६ खालील हक्क अबाधित राहतील.”

“एकाच लवादाकडे” म्हणजे एकाच आर्बिट्रेटरकडे. यातला प्रत्येक शब्द कामाचा आहे. “सोपवला जाईल” च्या जागी “सोपवता येईल” किंवा “दोघांना वाटल्यास” आलं की ते लवादाचं कलमच राहत नाही. सर्वोच्च न्यायालयाने २००७ साली जगदीश चंदर प्रकरणात हे सांगितलं आणि तरीही अशी कलमं आजही सर्रास दिसतात.

“लवादाची नेमणूक विक्रेता करेल” असं लिहायचा मोह होतो. लिहू नका. निकालात ज्याचा हितसंबंध आहे त्याला एकट्याला आर्बिट्रेटर नेमता येत नाही, हे २०१९ च्या पर्किन्स ईस्टमन निकालानंतर पक्कं आहे. तुमचा सीए, तुमचा वकील, नातेवाईक यांनाही १९९६ च्या लवाद कायद्याच्या कलम १२(५) आणि सातव्या अनुसूचीमुळे बसवता येत नाही. कोणी तसं केलंच तर वर्षभर चाललेलं सगळं कामकाज वाया जातं. तेच कलम पार्टीच्या छापील फॉर्मवर त्यांच्या बाजूने असेल तर तेही तितकंच कमकुवत असतं, हे विसरू नका.

स्थान सोलापूर असलं की देखरेख करणारी कोर्टंही इथली. मुदतीत नेमणूक झाली नाही तर कलम ११ खाली अर्ज मुंबई उच्च न्यायालयात करावा लागतो. ऑगस्ट २०२५ मध्ये कोल्हापूरला सर्किट बेंच सुरू झाल्यापासून सोलापूर जिल्ह्याचं काम तिथे चालतं, मुंबईच्या खेपा वाचल्या. भाषेबद्दल तारतम्य हवं. पार्टी महाराष्ट्रातली असेल तर मराठीच ठेवा, कारण मागावरचा माणूस मराठीत नीट साक्ष देतो. बाहेरच्या राज्यातल्या पार्टीशी इंग्रजी किंवा हिंदी ठरवावी लागेल.

आर्बिट्रेटर कोण घ्यावा? दोघांनाही मान्य असलेला, कापडधंदा समजणारा वकील किंवा निवृत्त न्यायाधीश. पेठेतले वडीलधारे पंच बसवून प्रकरण मिटवायची जुनी पद्धत मला मनापासून आवडते, पण तिथे ठरलेलं कागदावर नीट उतरत नाही ही तिची उणीव. लवाद चालू असताना तडजोड झाली तर कलम ३० प्रमाणे आर्बिट्रेटरकडून तिचा निवाडा करून घ्या, म्हणजे हप्ता चुकला की थेट वसुलीला जाता येतं.

माल गेल्यावरचे पंधरा दिवस आणि नंतरची तीन वर्षं

माल पोचला की पोच घ्या: बिल्टीच्या मागे सही-शिक्का, किंवा निदान गोदामातल्या गाठींचा फोटो आणि “माल मिळाला” हा मेसेज. एमएसएमईडी कायद्यात डिलिव्हरीपासून १५ दिवसांत लेखी हरकत आली नाही तर माल स्वीकारला असं धरलं जातं. सोळाव्या दिवशी पार्टीला एक सौम्य मेसेज टाका: “आपल्याकडून माल मिळाल्याबद्दल व क्वालिटीबद्दल काही तक्रार आलेली नाही, धन्यवाद. पेमेंटची तारीख अमुक आहे.” हा एक मेसेज पुढे फार उपयोगी पडतो. फोनवर तक्रार आली तर “शेठ, काय ते लेखी पाठवा, दोन गाठींचे फोटो पाठवा” एवढंच सांगा. भांडू नका आणि फोनवर कबूलही करू नका.

व्हॉट्सॲपचे मेसेज पुरावा म्हणून चालतात. पण १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय साक्ष्य अधिनियमाच्या कलम ६३ खालचं प्रमाणपत्र सोबत लागतं, म्हणून मूळ फोन विकू नका आणि चॅट पुसू नका. पार्टीने तुमच्या बिलावर जीएसटीचं क्रेडिट घेतलं असेल, टीडीएस कापला असेल, तर माल स्वीकारल्याचा तो भक्कम पुरावा. त्याची रिटर्न्स हजर करायला लावता येतात.

मागणी करताना दोन गोष्टी पार्टीला आठवण करून द्यायला हरकत नाही. बिलाच्या तारखेपासून १८० दिवसांत पैसे दिले नाहीत तर त्यावर घेतलेलं जीएसटी क्रेडिट तिला व्याजासह परत करावं लागतं. आणि सूक्ष्म-लघु उत्पादकाचे पैसे एमएसएमईडी कायद्याच्या मुदतीत दिले नाहीत तर तो खर्च आयकरात प्रत्यक्ष पैसे देईपर्यंत वजा मिळत नाही. ही दुरुस्ती २०२३ च्या वित्त कायद्याने आली, लागू झाली १ एप्रिल २०२४ पासून. पार्टीचा सीए हे जाणतो, त्यामुळे पत्राची एक प्रत अकाउंट्स विभागाला पाठवलेली चांगली.

मुदतीचा मुद्दा मात्र जिवावर बेततो. मालाच्या किमतीची वसुली तीन वर्षांत करावी लागते आणि तीन वर्षं उधारीची मुदत संपल्यापासून मोजतात. लवादालाही हीच मुदत लागू आहे. “पुढच्या सिद्धेश्वर यात्रेनंतर बघू” असं करत करत जुनी बिलं बाद होतात. दरवर्षी ३१ मार्चला खात्याचा उतारा पाठवून बाकी कबूल असल्याची सही घ्या. मुदत संपण्याआधी दिलेल्या लेखी कबुलीने तीन वर्षं नव्याने सुरू होतात. थोडेसे पैसे दिले आणि ते सहीने नोंदवले तरी तसंच होतं. मुदत उलटून गेली असेल तर करार कायद्याच्या कलम २५(३) प्रमाणे नव्याने सही केलेलं लेखी वचन लागतं.

चेक हाती असेल तर त्याचं वेळापत्रक वेगळं. बँकेने परत केल्याची माहिती मिळाल्यापासून ३० दिवसांत नोटीस, नोटीस मिळाल्यापासून पार्टीला १५ दिवस, आणि त्यानंतर एका महिन्यात निगोशिएबल इन्स्ट्रुमेंट्स ॲक्टच्या (चेकच्या कायद्याच्या) कलम १३८ ची फौजदारी तक्रार. लवाद चालू असला तरी ही तक्रार स्वतंत्र चालते.

नोटीस ते निवाडा

लवाद कायद्याच्या कलम २१ प्रमाणे लवाद सुरू होतो तो तुमची नोटीस पार्टीला मिळते त्या दिवशी. म्हणून ही नोटीस नुसत्या मागणीची नको. त्यात बिलांची यादी, बाकी, व्याज, कराराचं कलम शब्दशः, “हा वाद लवादाकडे सोपवत आहोत” हे वाक्य आणि आर्बिट्रेटरसाठी दोन-तीन नावं असावीत. स्पीड पोस्टने, ईमेलने आणि व्हॉट्सॲपवर, तिन्ही मार्गांनी पाठवा आणि पोचपावत्या एका फाइलला लावा.

पार्टी माल किंवा मशीन विकून टाकते आहे अशी खबर असेल तर थांबू नका. कलम ९ खाली सोलापूरच्या कोर्टातून अंतरिम आदेश मागता येतो. आदेश मिळाल्यापासून ९० दिवसांत लवाद सुरू करावाच लागतो.

आर्बिट्रेटर नेमल्यावर दावा आणि उत्तर सहा महिन्यांत पूर्ण व्हावं आणि त्यानंतर बारा महिन्यांत निवाडा, अशी कलम २३ आणि २९अ ची मुदत आहे. दोघांच्या संमतीने आणखी सहा महिने वाढतात, त्यापुढे कोर्टाकडे जावं लागतं. वाद साधा, कागदावर मिटणारा असेल तर कलम २९ब ची जलद पद्धत दोघांनी मान्य करा. त्यात सहसा तोंडी साक्षी नसतात आणि सहा महिन्यांत निवाडा होतो.

खर्चाचा अंदाज आधीच घ्या. कायद्याच्या चौथ्या अनुसूचीत फीचं कोष्टक आहे. वादाची रक्कम पाच लाखांपर्यंत असेल तर ४५ हजार, पाच ते वीस लाखांमध्ये ४५ हजार अधिक पाच लाखांवरच्या रकमेच्या साडेतीन टक्के. म्हणजे १५ लाखांच्या वादात ४५ हजार अधिक ३५ हजार, एकूण ८० हजार. एकटा आर्बिट्रेटर असेल तर त्यावर २५ टक्के जास्त, म्हणजे एक लाख, आणि ती दोघांत निम्मी-निम्मी. पहिल्याच बैठकीत फी लेखी ठरवा, नंतर एकतर्फी वाढवता येत नाही. दोन-तीन लाखांच्या बाकीसाठी हा खर्च परवडत नाही. उत्पादक असाल तर परिषद, नाहीतर कोर्ट.

दाव्याची फाइल तारखेवार लावा: ऑर्डर, नमुन्याचं लेबल, चलन, ई-वे बिल, बिल्टी, पोच, मेसेज, बाकीची कबुली. साक्षीला मालकाऐवजी पॅकिंग आणि डिस्पॅच बघणारा माणूस आणा. किती गाठी भरल्या हे त्याला ठाऊक असतं आणि उलटतपासात तो डगमगत नाही.

निवाडा हाती आल्यावर

पार्टीला कलम ३४ खाली आव्हान द्यायला तीन महिने आणि सबळ कारण असेल तर वर तीस दिवस मिळतात, त्यानंतर एक दिवसही नाही. कोर्ट पुराव्याची नव्याने छाननी करत नाही. एप्रिल २०२५ च्या सर्वोच्च न्यायालयाच्या निकालाप्रमाणे फार मर्यादित बाबतीत कोर्ट निवाड्यात बदल करू शकतं. २०१५ च्या दुरुस्तीनंतर नुसता आव्हानाचा अर्ज केल्याने वसुली थांबत नाही. स्थगिती वेगळी मागावी लागते आणि कोर्ट ती देताना सहसा पैसे भरायला लावतं.

निवाड्यावरचा स्टँप भरून घ्या, नाहीतर दरखास्तीच्या (निवाड्याप्रमाणे वसुलीसाठी कोर्टात केलेल्या अर्जाच्या) वेळी तोच मुद्दा उपटतो. मग दरखास्त कुठे करायची? सोलापूरच्या कोर्टातून हुकूम बदली करून घ्यायची गरज नाही. पार्टीची मालमत्ता किंवा बँक खातं जिथे असेल तिथल्या कोर्टात थेट दरखास्त करता येते, असं सर्वोच्च न्यायालयाने २०१८ साली सुंदरम फायनान्स प्रकरणात ठरवलं आहे. म्हणून पार्टी सुरळीत पैसे देत असतानाच तिच्या चेकचे फोटो, बँकेचं नाव, गोदामाचा पत्ता जपून ठेवा. दरखास्तीला बारा वर्षांची मुदत आहे. पण आव्हानाची मुदत संपल्यावर पहिल्याच आठवड्यात बँक खात्यावर जप्ती मागितलीत तर खात्यात काहीतरी सापडायची शक्यता जास्त.